सेर्वीच्या काठचा पिवळा तंबू

माझ्या नवऱ्याची पहिली बायको जिवंत आहे, धडधाकट आहे आणि औगुस्तुफ गावी कालव्याच्या काठी होड्या भाड्यानं देते. हे मला लग्नाआधीपासून ठाऊक होतं. झेनोननं काही लपवलं नव्हतं. मार्झेनाबरोबर बारा वर्षं संसार केला, मूल झालं नाही, पुढे पटेनासं झालं आणि वेगळे झालो, एवढं त्यानं पहिल्या भेटीतच सांगितलं होतं. नंतर त्यानं कधी तिचा विषय काढला नाही. नऊ वर्षं मीही काढला नाही. माणूस डोळ्यांसमोर नसलं की त्याचा त्रास होत नाही, अशी माझी समजूत होती.

मी ब्याविस्तोकमध्ये पडदे शिवते. आई अंथरुणाला खिळलेली होती, त्यामुळे तरुणपणी मी शहराबाहेर कुठे गेले नाही. ती गेल्यावर त्रेचाळिसाव्या वर्षी माझं लग्न झालं. झेनोन बसडेपोत मेकॅनिक आहे, शांत माणूस. घरात त्याचा आवाज म्हणजे नळाचा थेंब पडावा तेवढाच. मी काही सुचवलं की तो म्हणतो, "तुला हवं तसं." मैत्रिणींना माझा हेवा वाटायचा, आणि खरं सांगायचं तर मलाही स्वतःचं कौतुक वाटायचं.

त्या वर्षी वसंतात एका तळ्याकाठच्या अतिथीगृहाचे पडदे माझ्याकडे शिवायला आले होते. मालकीणबाईंनी तिथले फोटो दाखवले. पाणी, पाइनची झाडं, काठावर उभे तंबू. घरी आल्यावर सूप वाढता वाढता मी झेनोनला म्हटलं, यंदा आपण तंबूत राहू या. मी बावन्न वर्षांची झाले, एकदाही तंबूत झोपलेली नाही.

त्याचा चमचा हवेतच थांबला. मग तो बोलायला लागला. सेर्वीच्या तळ्याला जाऊ, तिथे गर्दी नसते. वनखात्याची तंबू लावायची जागा आहे, हातपंप आहे, वाळू स्वच्छ आहे. काय न्यायचं, काय न्यायचं नाही, वारा कुठून येतो, कशाकडे पाठ करून तंबू उभारायचा. तासभर बोलत होता. एवढं बोललेला मी त्याला कधी पाहिला नव्हता, आणि मला फार आवडलं ते. मग तो तळघरात गेला आणि एक पत्र्याची पेटी घेऊन आला. आत जुनी शेगडी होती, दोन वाकलेले मग होते, आणि झाकणाच्या आतल्या बाजूला एक यादी चिकटवलेली होती.

ते अक्षर त्याचं नव्हतं. टपोरं, गोल, ओळ जराही वाकडी नाही. दुहेरी कापडाचा तंबू, बाहेरचं कापड जमिनीपर्यंत टेकणारं, रंग गडद हिरवा. वाळूसाठी रुंद खुंट्या, बारा नव्हे, सोळा. फोमच्या चटया, हवेची गादी नको. ताडपत्री आणि वीस मीटर दोरी. काड्यापेट्या बरणीत. दोन स्लीपिंग बॅगा. गोचीड काढायचा चिमटा. अशा एकोणतीस ओळी, आणि सगळ्यात खाली, दोनदा रेघ मारून: झेनोनची टोपी विसरू नये.

बाकीच्या अठ्ठावीस ओळी मी गिळल्या असत्या. टोपी घशात अडकली.

दुसऱ्या दिवशी मी कामावरून आले तर तो स्वयंपाकघरात फोनवर हसत होता. सेर्वीचा हातपंप अजून चालू आहे का, हे विचारायला त्यानं मार्झेनाला फोन केला होता. वर मला आनंदानं सांगतोय, की ती म्हणाली, विकत कशाला घेता, माझ्याकडे सगळं पडलंय, घेऊन जा. मी म्हटलं, आपण सगळं नवं घेणार आहोत. तो म्हणाला, "तुला हवं तसं."

जूनमधल्या एका शनिवारी आम्ही दुकानात गेलो. निघताना त्यानं ती यादी स्वतःच्या अक्षरात उतरवून खिशात घातलेली मला दिसली. मी ती घरी ठेवायला लावली. त्यानं निमूटपणे फ्रिजवर ठेवली.

दुकानदाराचं नाव हिपोलित. पांढऱ्या मिशा, चष्मा दोरीनं गळ्यात अडकवलेला. त्यानं घाई केली नाही. कुठे जाणार, किती दिवस, गाडी जागेपर्यंत जाते की सामान पाठीवर न्यायचं, हे नीट विचारून घेतलं. सेर्वी म्हटल्यावर त्यानं एक बुटका, गडद हिरवा तंबू काढला.

"हा घ्या, बाई," तो म्हणाला. "कापड दुहेरी आहे आणि बाहेरचं जमिनीला टेकतं. तळ्यावरून वारा सुटला की पाऊस आडवा येतो, पण तो यात शिरत नाही. आणि तुमच्या श्वासाची वाफ बाहेरच्या कापडाला धरते, अंगावर गळत नाही."

मी विचारलं, हिरवाच का? तर म्हणे, जंगलात डोळ्यांना बरा वाटतो, आणि पिवळ्या रंगावर किडे फार बसतात. माणूस मनापासून सांगत होता. पण मला ऐकू येत होती ती यादीतली पहिली ओळ. मग खुंट्यांचं निघालं. तिथली जमीन वाळूची आहे, रुंदच घ्या, आणि चार जास्त असू द्या. मग चटया. हवेची गादी दिसायला छान, पण पाइनची फळं टोचतात. तो एकेक वस्तू काढत गेला आणि माझ्या अंगाचा तिळपापड होत गेला. मला वाटायला लागलं, मार्झेनानं आधी येऊन सगळं दुकान फितवून ठेवलंय. झेनोन शेजारी उभा राहून मान डोलवत होता. त्याच्या डोळ्यांत ओळख होती, जुनी माणसं रस्त्यात भेटल्यावर असते तशी.

कोपऱ्यात एक पिवळा तंबू उभा करून ठेवलेला होता. उंच, चार खिडक्यांचा, खिडक्यांना जाळी आणि वर गुंडाळायचे छोटे पांढरे पडदे. मी जवळ जाऊन शिवण बोटांनी चाचपली. दुहेरी टीप, एका टाक्याचा फरक नाही. एवढी वर्षं शिवणावर काढलेल्या बाईला दुसऱ्याची शिवण बघून आनंद होतो, तसा मला झाला, आणि त्या आनंदाचा मी आधार घेतला. बाहेरचं कापड मात्र झाकणासारखं नुसतं माथ्यावर होतं, खाली निम्म्यापर्यंतही येत नव्हतं. ते मला दिसलं होतं. दिसलं नाही असं म्हणणार नाही.

हिपोलितनं चष्मा काढला आणि सांगितलं, हा बागेत लावायचा तंबू आहे, नातवंडांना खेळायला. मी झेनोनकडे वळले. मनातून मला वाटत होतं, यानं आता नाही म्हणावं.

"तुला आवडलाय ना?" तो म्हणाला. "मग हाच घेऊ."

तंबू घेतला. त्याबरोबर आलेल्या बारीक, चकचकीत खुंट्या घेतल्या. हवेची गादी घेतली, दोघांची एकच, रुंद. दोघांत एकच मोठी स्लीपिंग बॅगही घेतली. ताडपत्री घेतली नाही. हिपोलितनं सामान बांधून देताना मला शुभेच्छा दिल्या, पण मला त्या सांत्वनासारख्या वाटल्या.

जुलैच्या दुसऱ्या आठवड्यात आम्ही सेर्वीला पोचलो. पहिले दोन दिवस ऊन होतं आणि मी जिंकले होते. मी पोहले, झाडाखाली बसून निळी बोरं खाल्ली, बोटं जांभळी झाली. झेनोननं मासे धरले, आम्ही ते लोण्यात परतले. पाण्यातून मागे वळून पाहिलं की माझा पिवळा तंबू झाडांत झळकत होता. सकाळी मात्र त्यावर काळे किडे बसलेले असत, पोळीवर तीळ पेरावेत तसे. मी झेनोन उठायच्या आत झाडूनं झटकून टाकत असे. दुसऱ्या सकाळी गादीतली हवा गेलेली होती आणि आम्ही दोघं मधल्या खळग्यात एकमेकांवर घरंगळलो होतो.  मी पोहून परत आले तेव्हा तो सुकलेल्या फांदीच्या रुंद, चपट्या खुंट्या तासत बसलेला होता. कशाला, विचारलं तर म्हणाला, वेळ जावा म्हणून.

तिसऱ्या दिवशी दुपारी पश्चिमेकडून ढग आले. तळ्याचं पाणी आधी काळं झालं, मग पांढरं झालं, आणि हिपोलित म्हणाला होता तसा पाऊस आडवा आला. चकचकीत खुंट्या वाळूतून एकामागून एक निघाल्या, म्हाताऱ्याचे दात निघावेत तशा. झेनोनच्या लाकडी चार खुंट्यांनी तंबू कसाबसा धरून ठेवला. खिडक्यांतून पाणी आलं, पडदे भिजून चिकटले, स्लीपिंग बॅग पिळायच्या लायकीची झाली. आम्ही गाडीत जाऊन बसलो आणि गाडीतच झोपलो.

सकाळी पाऊस ओसरला होता, पण थांबला नव्हता. झेनोननं गाडीच्या डिकीच्या झाकणाखाली शेगडी पेटवून चहा केला. तो काही तरी बोलेल याची मी वाट बघत होते. दुकानदारानं सांगितलं होतं, असं तो म्हणाला असता. तुझा हट्ट, असं म्हणाला असता. मग मी रडले असते किंवा हातातला चहाचा मग फेकून मारला असता, पण काही तरी झालं असतं. तो म्हणाला, "साखर कोरडी राहिली, हे बरं झालं."

मग थोड्या वेळानं, जमिनीकडे बघत, त्यानं सांगितलं की मार्झेनाकडे ताडपत्री आहे, अर्ध्या तासाचा रस्ता आहे, तो जाऊन आणू शकतो. मी गाडीची किल्ली उचलली. पाव संपलाय, म्हटलं, मी पाव घेऊन येते.

पाव मी घेतला, तेवढं खोटं बोलले नाही. पाव घेऊन मी गाडी कालव्याकडे वळवली. मला तिला बघायचं होतं. नऊ वर्षांत मी मनात तिचं चित्र काढून ठेवलं होतं. उंच, उन्हानं रापलेली, वल्ही मारून दंड घट्ट झालेली, पांढरे दात.

होड्यांच्या छपराखाली एक बुटकी बाई सुजलेला गुडघा स्टुलावर ठेवून बसलेली होती. केस घरीच रंगवलेले, रंगाचा डाग कानावर राहिलेला. तिनं माझ्या वाळूनं भरलेल्या बुटांकडे पाहिलं आणि मी तोंड उघडायच्या आत विचारलं, "सेर्वीला मक्याच्या कणसासारखा तंबू उभा आहे, तो तुमचाच ना? काल होड्या परत करायला आलेली माणसं सांगत होती."

मी म्हटलं, मी बोग्ना.

"माहीत आहे. बसा. मला उठवत नाही, तेवढी किटली तुम्हीच ठेवा."

मी तिच्या घरातली किटली तिच्या शेगडीवर ठेवली. ताडपत्रीचं बोलायच्या ऐवजी मी यादीचं बोलले. ती यादी अजून आहे, पेटीत चिकटवलेली आहे, हे मी तक्रार केल्यासारखं सांगितलं. तिला आधी आठवेना. मग ती हसायला लागली, इतकी की गुडघा दुखला आणि तो तिनं दोन्ही हातांनी धरला.

"अहो, त्या यादीतली एकेक ओळ म्हणजे आमचं एकेक भांडण आहे," ती म्हणाली.

बारा खुंट्यांवर भागेल असं झेनोन म्हणाला होता आणि तंबू तळ्यात गेला, तेव्हा दोघं इतके ओरडले की वनरक्षक बघायला आला. काड्यापेट्या खिशात घेऊन तो पाण्यात उतरला होता, म्हणून बरणी. ताडपत्रीच्या वेळी तिनं तवा तळ्यात भिरकावला होता, तो अजून तिथेच असेल. दोन स्लीपिंग बॅगा शेवटच्या उन्हाळ्यातल्या, ते काही सांगायला नको. आणि टोपी?

"टोपी विसरली की ऊन लागून त्याचं डोकं उठायचं आणि दिवसभर माझ्यावर खेकसायचा. त्याच्यासाठी नव्हतं लिहिलं मी ते. माझ्या कानांसाठी लिहिलं होतं."

"झेनोन खेकसायचा?" मी विचारलं.

"खेकसायचा म्हणजे? पलीकडच्या काठावर ऐकू जायचं. आणि मी काय कमी होते?"

हे सांगताना तिचे डोळे चमकत होते. माझ्या डोक्यावरचं ओझं उतरायला हवं होतं. यादीत प्रेम नव्हतं, भांडणं होती. पण ओझं वाढलंच. मी त्या झेनोनला ओळखत नव्हते. नऊ वर्षं तो माझ्या शेजारून जपून चालत आला होता, दुकानात काचेच्या कपाटाशेजारून माणूस कोट सावरून जातो तसा. त्याचा ओरडण्याचा आवाज कसा असतो हे या बाईला ठाऊक होतं, मला नाही. एखाद्या बाईला दुसरीच्या भांडणांचा मत्सर वाटतो, हे कुणी सांगितलं असतं तर मी हसले असते.

तिनं विचारलं, तुम्ही दोघं भांडता ना? मी नाही म्हटलं. ती म्हणाली, चांगलं आहे, वयानुसार शांत झाला म्हणायचा. त्यात टोमणा नव्हता. असता तर मला बरं वाटलं असतं.

ताडपत्री, दोरी, रुंद खुंट्या आणि फोमच्या दोन चटया तिनं मला होड्यांच्या मागून काढून न्यायला लावल्या. भाडं घेतलं नाही. रविवारी दोघं या, म्हणाली, शेलावा जातीचे मासे धुराला टांगणार आहे.

झेनोननं ताडपत्री पाहिली आणि ती कुठून आली हे ओळखलं. त्यानं माझ्याकडे पाहिलं, मी दुसरीकडे. त्यानं ती दोन झाडांच्या मधे अशी ताणून बांधली की तंबूवर एक थेंब पडेना. पुढचे तीन दिवस चांगले गेले. सगळं वाळलं, आम्ही चुलीवर बटाटे भाजले, तळ्याला वळसा घालून चालून आलो. मी त्याला काही विचारलं नाही. मला वाटलं होतं, राग उतरेल. उतरला नाही, फक्त तो कुणावर आहे हे कळेनासं झालं.

रविवारी सामान परत करायला गेलो. मार्झेनानं कालव्याच्या काठी टेबल मांडलं होतं, गरम मासे, काकड्या, पाव. ती झेनोनला म्हणाली, जाडा झालास. तो तिला म्हणाला, केस कुणी रंगवले, रंगाऱ्यानं का? मग तव्याचा विषय निघाला. ती म्हणाली, तवा सेर्वीत पडला. तो म्हणाला, सेर्वीत नाही, ब्लिझ्नोच्या तळ्यात. ती म्हणाली, ब्लिझ्नोला आपण त्या वर्षी गेलोच नव्हतो. आणि माझ्या नवऱ्यानं टेबलावर हात आपटला. कान लाल, मान ताणलेली, आवाज असा की कालव्यावरची बदकं पलीकडे सरकली.

मी जेवत राहिले. तीन मासे खाल्ले. मत्सर वाटत होताच, तो वाटायचा थांबला असं मी सांगणार नाही. पण तासाभरानं मला हेही दिसलं, की भांडायला त्यांच्याकडे तळ्यातला एक तवाच उरलाय, आणि तो दोघांपैकी कुणालाही परत नकोय.

आम्ही घरी निघालो, औगुस्तुफ मागे पडलं. मग मी विचारलं, दुकानात तू गप्प का बसलास?

"तुला आवडला होता तंबू," तो म्हणाला.

"तो तंबू म्हणजे मूर्खपणा होता. तुला माहीत होतं. हिपोलितला माहीत होतं. मलासुद्धा माहीत होतं. तू का नाही बोललास?"

तो म्हणाला, जाऊ दे. मी म्हटलं, नाही जाऊ देणार. तो म्हणाला, तुला हवं तसं. त्यावर मी अशी उसळले की मला माझंच आश्चर्य वाटलं. तुला हवं तसं, तुला हवं तसं, मी काय तुझी पाहुणी आहे? नऊ वर्षं मी भिंतीशी संसार केला का? तव्यासाठी ओरडता येतं आणि माझ्यासाठी तोंड उघडत नाही?

त्यानं गाडी रस्त्याच्या कडेला घेतली, जंगलाला लागून. स्टिअरिंगवरचे हात तसेच होते. आणि मग तो ओरडला. मला ऐकू यावं म्हणून त्याला ओरडायची गरज नव्हती, मी शेजारीच होते, पण तो ओरडला.

"ती ओरडण्यानंच गेली! मी ओरडलो म्हणून गेली. मी ठरवलं होतं, या वेळी आवाज काढायचा नाही. तू गेलीस तर मी कुणाकडे जाऊ?"

एक लाकडाचा ट्रक आमच्या बाजूनं गेला आणि गाडी हलली. मला त्याला जवळ घ्यावंसं वाटलं, पण माझा राग अजून पुरा झाला नव्हता. मी म्हटलं, जाण्यासारखी बाई असल्या फुसक्या गादीवर झोपली नसती. तो म्हणाला, ती गादी तूच निवडलीस. मी म्हटलं, आत्ता सांगतोस? तो म्हणाला, हो, आत्ता सांगतोय, आणि शिवणयंत्र झोपायच्या खोलीत ठेवलंयस तेही मला आवडत नाही. मी त्याच्या डेपोतल्या बुटांचा विषय काढला. त्यानं माझ्या सुपाचा काढला, त्यात बडीशेपेचा पाला फार असतो म्हणे, नऊ वर्षं. गाडी केव्हा सुरू झाली ते मला आठवत नाही. शेतं गेली, गावं गेली, एका चर्चमधून लोक बाहेर पडत होते त्यांनी आमच्या उघड्या काचेकडे वळून पाहिलं.

कोरिचिन गावाला पोचेपर्यंत माझा घसा बसला होता. झेनोननं गाडी थांबवली, दुकानात गेला आणि केफिरच्या, म्हणजे ताकासारख्या आंबट दुधाच्या, दोन बाटल्या घेऊन आला. माझ्यासाठी स्ट्रॉबेरीचं, नेहमीसारखं. लग्नानंतरच्या पहिल्या उन्हाळ्यापासून तो मला तेच आणतो.

मी बाटली हातात धरली आणि त्याला सांगितलं, की ते गोड केफिर मला कधीच आवडलेलं नाही.

"मग नऊ वर्षं का प्यालीस?" तो पुन्हा ओरडला, आणि मी त्याच्या हातातलं साधं केफिर काढून घेतलं.